ल्यूकार्टने नक्की केलं काय?

प्रश्न थोडक्यात असा आहे की झूलॉजीच्या पुस्तकात रुडॉल्फ ल्यूकार्टला पॅरासायटॉलॉजीचा (जंत वगैरे परजीवींच्या शास्त्राचा) जनक म्हणलंय पण माहिती मात्र दोनच ओळींची, मग त्याने नक्की शोध कुठला लावला आणि हा मान मॅन्सन किंवा रोनाल्ड रॉसला का नाही. मी पशुवैद्यक आहे, सगळी नोकरी जनावरांचे जंत तपासण्यात आणि तेच शिकवण्यात गेली, त्यामुळे जरा सविस्तरच लिहितो. या माणसाचं काम बाजूला काढलं तर आमच्या विषयाचा निम्मा सिलॅबस कोसळेल.

आधी थेट उत्तर देतो. रॉस म्हणलं की मलेरियाचा डास, तसा एका वाक्यात बसणारा एकच शोध ल्यूकार्टच्या नावावर नाहीये, म्हणूनच पुस्तकवाल्यांची पंचाईत होते आणि ते दोन ओळींत उरकतात. त्याने जे केलं ते असं की जंत कुठून आला, कुणाच्या पोटात वाढला, अंडी कुठे टाकली, ती अंडी पुढे कुणाच्या पोटात गेली आणि परत पहिल्याकडे कशी आली हा सगळा फेरा जनावराला खाऊ घालून, मग ते जनावर फाडून, स्वतःच्या डोळ्यांनी बघून सिद्ध करायचा आणि त्याशिवाय दावा करायचा नाही, ही शिस्त या विषयाला लावली. आज हे ऐकून वाटेल की यात काय विशेष, पण त्याच्या तरुणपणापर्यंत बऱ्याच शिकलेल्या डॉक्टरांचासुद्धा समज होता की पोटातले जंत पोटातच आपोआप तयार होतात.

जन्म ७ ऑक्टोबर १८२२, जर्मनीतलं हेल्मस्टेट गाव. त्याचे काका फ्रीडरिश सिगिस्मुंड ल्यूकार्ट हे स्वतः प्राणिशास्त्राचे प्रोफेसर होते, म्हणजे घरातच वारसा. गॉटिंगेनला रुडॉल्फ वाग्नर यांच्या हाताखाली शिकला, १८४५ मध्ये पदवी, आणि लगेच उत्तर समुद्राच्या किनाऱ्यावर जाऊन बिनकण्याच्या प्राण्यांवर काम सुरू. तिथून त्याचं पहिलं मोठं काम आलं. क्युव्हिए या फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञाने सगळे गोल, चाकासारख्या रचनेचे प्राणी रेडिएटा नावाच्या एकाच गटात टाकले होते, ल्यूकार्टने दाखवलं की जेलीफिश-हायड्रा यांची आतली रचना आणि तारामाशाची आतली रचना यांचा एकमेकांशी काही संबंध नाही, आणि सिलेंटेराटा हा वेगळा गट केला. वय पंचविशीच्या आसपास. तुम्ही एफ.वाय.ला सिलेंटेराटा आणि एकायनोडर्माटा हे वेगवेगळे फायलम म्हणून पाठ करता ना, ते वेगळे करणारा हाच माणूस. १८५० मध्ये तो गीसेनला प्रोफेसर म्हणून गेला, आणि जंतांचं खरं काम तिथे झालं.

आता इथे एक गोष्ट स्पष्ट सांगतो, कारण बऱ्याच ठिकाणी चुकीचं श्रेय दिलेलं वाचलंय. मांसातल्या फोडांपासून म्हणजे सिस्टिसर्कसपासून टेपवर्म होतो हे आधी दाखवलं ते फ्रीडरिश क्युखेनमायस्टरने, ल्यूकार्टने नाही. क्युखेनमायस्टर साधा प्रॅक्टिस करणारा डॉक्टर होता, त्याने आधी जनावरांवर प्रयोग केले आणि मग १८५५ च्या सुमारास फाशीची शिक्षा झालेल्या एका कैद्याला न सांगता डुकराच्या मांसातले फोड खाऊ घातले आणि फाशीनंतर त्याच्या आतड्यात लहान टेपवर्म शोधून काढले. त्या काळातही लोकांनी त्यावर टीका केली आणि मला विचाराल तर ती टीका योग्यच होती. ल्यूकार्टने हे काम जनावरांवर, पद्धतशीरपणे आणि पायरी-पायरीने केलं, १८५६ मध्ये त्यावर पुस्तक काढलं, आणि १८६१ मध्ये माणसाच्या पोटातल्या टीनिया सॅजिनाटा या टेपवर्मचे पिकलेले तुकडे वासराला खाऊ घालून त्याच्या स्नायूत फोड तयार झालेले दाखवले. म्हणजे एक टेपवर्म डुकराकडून येतो आणि दुसरा गाय-बैलाकडून, हे पक्कं झालं. आणि उरलेली कडी, की असं गोमांस खाल्लेल्या माणसांना हा टेपवर्म होतो, ती १८७० च्या सुमारास ऑलिव्हर नावाच्या डॉक्टरने आपल्या भारतात बघितली.

हे नीट समजून घ्या, कारण आजही रोजच्या उपयोगाचं आहे. "कोबी खाल्ला की मेंदूत किडा जातो" असं घरोघरी बोलतात. कोबीचा दोष नसतो. डुकराच्या टेपवर्मची अंडी माणसाच्या विष्ठेतून मातीत, सांडपाण्यात जातात, तिथून न धुतलेल्या कच्च्या भाजीवर येतात, आणि ती अंडी पोटात गेली की डुकराच्या मांसात व्हायला पाहिजे तो फोड माणसाच्या मेंदूत होतो. म्हणून आयुष्यात डुकराचं मांस न खाल्लेल्या शुद्ध शाकाहारी माणसालाही झटके येऊ शकतात. अंडं खाल्लं तर फोड, फोड खाल्ला तर टेपवर्म, हा फरक ज्याला कळला त्याला लाइफ सायकल कळली, आणि माझ्या अनुभवात एम.एस्सी.च्या व्हायव्हालाही निम्मी मुलं इथेच अडकतात.

त्याच्या कामातला सगळ्यात बोलका भाग म्हणजे ट्रिचिनाचं प्रकरण. १८३५ मध्ये लंडनला जेम्स पॅजेट नावाच्या पहिल्या वर्षाच्या मेडिकल स्टुडंटला डिसेक्शनच्या प्रेताच्या स्नायूत पांढरे बारीक ठिपके दिसले, रिचर्ड ओवेनने त्यातल्या गुंडाळलेल्या अळीला ट्रिचिना स्पायरॅलिस नाव दिलं, पुढे अमेरिकेत लायडीला तीच अळी डुकराच्या मांसात सापडली, पण ही अळी कुणाची, मोठी होऊन काय होते, काही पत्ता नाही. ल्यूकार्टने १८५९ मध्ये ट्रिचिनाचं मांस डुकराला घातलं, नंतर त्याच्या आतड्यात भरपूर व्हिपवर्म (चाबकासारखा दिसणारा वेगळाच जंत) सापडले, आणि त्याने जाहीर करून टाकलं की ट्रिचिना ही व्हिपवर्मचीच अळी. चुकलं होतं, डुकरात व्हिपवर्म आधीपासूनच असणार. त्याच सुमारास बर्लिनला फिर्शो या पॅथॉलॉजिस्टला कुत्र्याच्या आतड्यात वेगळंच काहीतरी दिसत होतं.

मग जानेवारी १८६० मध्ये ड्रेस्डेनच्या हॉस्पिटलमध्ये वीस वर्षांची एक मोलकरीण वारली. टायफॉइड म्हणून ॲडमिट केलेली, पण अंग इतकं दुखायचं की हातपाय हलवता येत नव्हते. त्सेंकर नावाच्या पॅथॉलॉजिस्टने पोस्टमॉर्टेम केलं तर स्नायूत ट्रिचिनाच्या अळ्या खच्चून भरलेल्या, कवच न आलेल्या, सुट्या फिरणाऱ्या, आणि आतड्यात मोठे नर-मादी जंत, मादीच्या पोटात जिवंत पिल्लं. त्सेंकर तिथे थांबला नाही, ती जिथे कामाला होती तिथे चौकशी केली, तर नाताळाच्या आधी डुक्कर कापलेलं, इतर लोकही आजारी पडलेले, आणि शिल्लक हॅम आणि सॉसेज तपासलं तर त्यातही अळ्या. त्याने त्या मुलीच्या स्नायूचे तुकडे फिर्शो आणि ल्यूकार्ट दोघांना पाठवले. ल्यूकार्टने परत खाऊ घालण्याचे प्रयोग केले, आधीचं मत सोडलं आणि १८६० मध्येच पुस्तक काढून सगळा क्रम मांडला: मांसातली अळी जठरात कवचातून सुटते, दोन-चार दिवसांत आतड्यात मोठी होते, मादी अंडी न घालता थेट पिल्लं टाकते, आणि ती पिल्लं त्याच शरीराच्या स्नायूंत जाऊन बसतात. बाहेर मातीत काही नाही, एकच प्राणी आधी मोठ्या जंताचं घर आणि नंतर अळीचंही. पाठोपाठ १८६३ मध्ये हेटस्टेटला आणि १८६५ मध्ये हेडर्सलेबेनला साथी आल्या, हेडर्सलेबेनच्या एका साथीत शंभरावर माणसं गेली, सगळं डुकराच्या कच्च्या खिम्यामुळे. फिर्शोने मायक्रोस्कोपखाली मांस तपासणीसाठी जाहीर लढा दिला, खाटिकांनी विरोध केला, पण १८७७ मध्ये प्रशियात ती तपासणी सक्तीची झाली. आज खाटीकखान्यात पशुवैद्यक मांसावर शिक्का मारतो त्याच्या मागे हा इतिहास आहे. तीन माणसांचं काम आहे हे, एकट्या ल्यूकार्टचं म्हणू नका, पण फेरा पूर्ण जुळवून देण्यात त्याचा वाटा मोठा.

१८६० मध्येच ल्यूकार्टने पेंटास्टोमवर पुस्तक लिहिलं, म्हणजे कुत्र्याच्या नाकात राहणारा जिभेच्या आकाराचा लिंग्वॅट्युला. मोठा प्राणी कुत्र्याच्या नाकात आणि पिल्लावस्था ससा वगैरे गवत खाणाऱ्यांच्या पोटातल्या गाठींत, हे त्याने दाखवलं. आपल्याकडे बकऱ्या, म्हशी कापल्यावर आतड्याच्या पडद्यातल्या लिम्फ नोडमध्ये हे आजही सापडतात, बघणाऱ्याची नजर पाहिजे.

आता लिव्हर फ्लूक. हा माझा रोजचा विषय, त्यामुळे इथे थांबतो. ज्यांनी म्हशीचं किंवा बैलाचं फ्लूकवालं लिव्हर कापलंय त्यांना माहितीये की पित्तनलिका बोटाएवढ्या जाड झालेल्या असतात, बैलात तर त्यात चुना बसून सुरी फिरवताना कर्रकर्र आवाज येतो, आणि कापल्यावर चपट्या पानासारखे तपकिरी जंत पित्ताबरोबर बाहेर येतात. जनावर खंगतं, दूध आटतं, जबड्याखाली पाण्याची सूज लोंबते. युरोपात मेंढ्यांमध्ये हा रोग भयंकर होता, १८७९-८० च्या ओल्या वर्षांत इंग्लंडमध्ये लाखोंनी मेंढ्या मेल्या. गोगलगायीचा काहीतरी संबंध आहे हा अंदाज होता, पण कुठली गोगलगाय? लाइपझिगला ल्यूकार्ट आणि ऑक्सफर्डला ॲल्जरनॉन थॉमस नावाचा विशीतला तरुण, दोघे एकमेकांपासून स्वतंत्रपणे याच्या मागे लागले. गोगलगायींच्या जातीमागून जाती घेऊन अंड्यातून निघालेलं पिल्लू कुणात शिरतं ते बघायचं. १८८१ ते ८३ च्या दरम्यान दोघांनी जवळपास एकाच वेळी उत्तर छापलं, लिम्निया ट्रंकॅट्युला, नखाएवढी चिखलातली गोगलगाय. श्रेय दोघांनाही द्यावं असं माझं स्पष्ट मत आहे, थॉमसचं वर्णन काही बाबतीत जास्त नेटकं आहे. गवतावर चिकटलेल्या कोषातून मेंढीला लागण होते ही शेवटची कडी पुढे ॲडॉल्फो लुट्झने हवाईत काम करताना जोडली.

महाराष्ट्रात आपली फ्लूक वेगळी, फॅशिओला जायगँटिका, आणि गोगलगाय लिम्निया ऑरिक्युलॅरिया, पण फेरा तोच. पशुपालक म्हणतात औषध पाजलं तरी महिन्या-दोन महिन्यांत परत तेच, औषध बोगस आहे. बहुतेक वेळा औषध बरोबर काम करतं, पण जनावर परत त्याच तळ्याकाठी, त्याच डबक्याच्या गवतात चरायला जातं. पाणी आटायला लागलं की कोष लागलेलं काठावरचं गवत उघडं पडतं, आणि तेवढंच एक हिरवं असतं म्हणून जनावर तिथेच जातं. तोडायची जागा गोगलगाय आणि काठावरचं गवत, बाटली त्यानंतर. हे आम्ही छातीठोकपणे सांगतो ते १८८० च्या दशकातल्या त्या कामाच्या जोरावर.

आणि आता नारू. वयस्कर वाचकांना सांगायला नको, पायाला फोड, फोडातून पांढरा दोऱ्यासारखा जंत, तो काडीला गुंडाळत रोज थोडा थोडा ओढायचा, तुटला की पाय सडायचा. ल्यूकार्टला माशाच्या पोटातल्या कुकुलॅनस नावाच्या एका जंताची पिल्लं पाण्यातल्या सायक्लॉप्स या चिमुकल्या कवचधारी जिवात शिरून वाढताना सापडली होती. नारूची पिल्लं आणि ती पिल्लं दिसायला सारखी. म्हणून त्याने मध्य आशियातल्या तुर्किस्तानच्या मोहिमेवर निघालेल्या अलेक्सी फेडचेन्को या रशियन तरुणाला सुचवलं की तिकडे नारू आहे, सायक्लॉप्समध्ये शोधून बघ. फेडचेन्कोने १८७० च्या सुमारास ते शोधून दाखवलं. माणसाच्या एखाद्या परजीवीचा मधला आश्रयदाता असा कवचधारी चिमुकला जीव असतो, हे प्रथमच सिद्ध झालं. तरी पाण्याबरोबर सायक्लॉप्स गिळला की माणसाला नारू होतोच का हे राहिलं होतं, आणि तिथे आपला मुंबईचा माणूस येतो, ज्ञानेश्वर आत्माराम तुर्खुड, ज्यांनी १९१४ च्या सुमारास स्वयंसेवकांना असे सायक्लॉप्स देऊन नारूची लागण झाल्याचं दाखवलं. एवढं नाव आपल्या पोरांना माहीत नसावं याचं मला फार वाईट वाटतं.

नारूला औषध नाही, लस नाही. तरी भारतातून तो गेला, शेवटची केस १९९६ ची राजस्थानातली आणि २००० मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने देश नारूमुक्त जाहीर केला. कसा गेला? पाण्यात उतरून भरायच्या बारवा, पायविहिरी बंद करून किंवा बांधून काढून हातपंप आले, पाणी दुहेरी फडक्याने गाळून प्यायला शिकवलं, विहिरीत टेमेफॉस हे सायक्लॉप्स मारणारं रसायन टाकलं. तिन्ही उपाय सायक्लॉप्सच्या पायरीवर घाव घालतात. सायक्लॉप्स माहीत नसता तर हे सुचलंच नसतं.

माणूस म्हणून तो निर्दोष होता असं नाही. १८६५ च्या सुमारास गीसेनला त्याच्याकडे इल्या मेचनिकॉव काम करत होता, तोच, ज्याला पुढे १९०८ चं नोबेल मिळालं. बेडकाच्या फुप्फुसातल्या एका जंताची एक पिढी परजीवी आणि पुढची पिढी मातीत मोकळी राहते हा सुंदर शोध त्या कामातून निघाला आणि ल्यूकार्टने तो छापताना मेचनिकॉवचं नाव दिलं नाही म्हणून दोघांत जाहीर भांडण झालं. मला स्वतःला मेचनिकॉवची बाजू जड वाटते. विद्यार्थ्याच्या कामावर गाइडचं नाव हा प्रकार आपल्याला काही नवीन नाही, आणि माणूस कितीही मोठा असला तरी ते चूकच.

पण शिक्षक म्हणून बघितलं तर बरोबरी करणारा मिळणं कठीण. १८६९ मध्ये तो लाइपझिगला गेला, आणि तिथली लॅब जगभरच्या पोरांसाठी पंढरी झाली. अमेरिकेचा चार्ल्स स्टाइल्स तिथून शिकून गेला आणि त्याने अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांतल्या गरीब, फिकट, "आळशी" म्हणून हिणवल्या जाणाऱ्या लोकांच्या पोटात हुकवर्म आहे हे दाखवलं. हेन्री वॉर्डने १९१४ मध्ये अमेरिकेत पॅरासायटॉलॉजीचं स्वतंत्र जर्नल सुरू केलं. व्हिटमन वुड्स होलच्या सागरी प्रयोगशाळेचा पहिला डायरेक्टर झाला. जपानचा इजिमा इसाओ लाइपझिगहून परत गेला आणि माशातली टेपवर्मची अळी स्वतः गिळून तिचा फेरा सिद्ध केला. तिथलाच विद्यार्थी आर्थर लूस, त्याच्या बाबतीत तर कैरोमध्ये काम करताना हुकवर्मच्या अळ्यांचं पाणी चुकून हातावर सांडलं, हात खाजला, लाल झाला, आणि काही आठवड्यांनी स्वतःच्या शौचात हुकवर्मची अंडी सापडली, त्यातून कळलं की हुकवर्म कातडीतून शिरतो. अनवाणी शेतात जाऊ नका हे आपण सांगतो ते लूसमुळे.

शिकवण्यासाठी ल्यूकार्टने हिन्रिश नित्शे या प्राणिशास्त्रज्ञाबरोबर भिंतीवर लावायचे मोठे रंगीत तक्ते काढले, १८७७ पासून सुरू, शंभरावर तक्ते, जगभरच्या कॉलेजांत गेले. आपल्या झूलॉजी लॅबमध्ये भिंतीवर लाइफ सायकलचे चार्ट टांगायची जी पद्धत आहे ती याच परंपरेतली. आणि तुम्ही हिस्टॉलॉजीचं प्रॅक्टिकल केलं असेल तर त्याची आणखी एक वस्तू हातात धरलीये. पितळेचे इंग्रजी एल आकाराचे दोन तुकडे, काचेवर किंवा धातूच्या प्लेटवर समोरासमोर ठेवायचे, सरकवून पाहिजे तेवढा चौकोन करायचा, त्यात वितळलेलं मेण ओतून टिश्यू ठेवायचा, मेण गोठलं की दोन्ही तुकडे बाजूला, ब्लॉक तयार. लॅबमधले लोक एल-मोल्ड म्हणतात, पुस्तकात ल्यूकार्टचे एल-पीस. प्लॅस्टिकच्या कॅसेट आल्या तरी बऱ्याच ठिकाणी अजून हेच वापरतात कारण टिश्यू लहान-मोठा कसाही असो, साचा त्याच्या मापाचा होतो.

फेब्रुवारी १८९८ मध्ये लाइपझिगलाच तो वारला. आता मॅन्सन आणि रॉस. क्रम बघा: फेडचेन्को १८७०, मग मॅन्सनने १८७७ मध्ये चीनमध्ये डासाच्या पोटात हत्तीरोगाची अळी वाढताना बघितली, मग मॅन्सनच्याच सांगण्यावरून रॉसने १८९७ मध्ये सिकंदराबादला आणि १८९८ मध्ये कलकत्त्याला मलेरियाचं काम केलं. त्यांचं मोठेपण कमी होत नाही, पण "मधला आश्रयदाता शोधा, त्याच्यात अवस्था वाढतात का बघा" हा विचार त्यांच्या आधी टेपवर्म, ट्रिचिना, सायक्लॉप्सवर पक्का झालेला होता. परीक्षेत लिहायचं असेल तर हे लिहा, आणि टेपवर्मच्या जागी क्युखेनमायस्टर, फ्लूकच्या जागी थॉमस यांची नावं सोडू नका.

शेवटी एक करून बघण्यासारखं. तळ्यातल्या किंवा भातखाचरातल्या पाणगोगलगायी आणा, स्वच्छ पाण्याच्या छोट्या बीकरमध्ये एकेक वेगळी ठेवा, सकाळी उजेडात दोन-तीन तास राहू द्या, मग मागे काळा कागद धरून भिंगातून बघा. लागण झालेली गोगलगाय असेल तर पाण्यात शेपटीवाले बारीक पांढरे जीव वळवळताना दिसतील, ते सर्केरिया, म्हणजे फ्लूकच्या जातीच्या जंतांच्या पोहणाऱ्या अळ्या. एक थेंब स्लाइडवर घेऊन लो पॉवरला बघा, शेपटीला दोन फाटे आहेत की एकच टोक, आणि चोषके किती, ते वहीत काढा. हात मात्र त्या पाण्यात घालू नका, ग्लोव्हज घाला, दुफाटी शेपटीवाले कातडीतून शिरतात. आपल्याच रत्नागिरी जिल्ह्यात गिमवीला १९५२ मध्ये गाडगीळ आणि शाह यांनी माणसातला शिस्टोसोमा, म्हणजे असाच कातडीतून शिरणारा रक्तातला फ्लूक, नोंदवला होता. काम झालं की पाणी उकळून टाका आणि गोगलगायी परत तळ्यात सोडू नका.